नटाने पुरे केलेले भाषांतर

नाट्यभाषांतराची परीक्षा आपण सामान्यतः दोन पुस्तके शेजारी ठेवून करतो. कोणता श्लेष साधला, कोणती छटा निसटली, याचा हिशेब होतो. पण नटवर्य गणपतराव जोशी (१८६७–१९२२) यांचा विचार करू लागले म्हणजे हा हिशेब अपुरा वाटतो. त्यांचे शालेय शिक्षण बेताचे. शेक्सपिअर त्यांच्यापर्यंत पोचला तो मराठीतून. तरीही मराठी रंगभूमीवरचा हॅम्लेट म्हटला की प्रथम त्यांचेच नाव निघते.

त्यांच्या हाती आलेली संहिता आगरकरांची. १८८२ साली डोंगरीच्या तुरुंगात काढलेल्या १०१ दिवसांतले हे काम. ‘विकारविलसित’ छापून निघाले १८८३ मध्ये. हॅम्लेटचा चंद्रसेन झाला. नायकाचा मृत्यू मात्र टळला नाही. सुखान्ताला सरावलेल्या प्रेक्षकापुढे हे धाडसच होते.

या धाडसाचे मोल फ्रीड्रिख लुडविग श्रोडर या जर्मन नटाच्या चरित्रावरून कळते. १७४४ साली श्वेरीन येथे जन्मलेला, नाटकमंडळीतच वाढलेला हा मुलगा युद्धाच्या धामधुमीत क्योनिग्जबर्गला एकटा मागे राहिला आणि दोरावर चालण्याची कसरत शिकला. पुढे हॅम्बुर्गचे नाट्यगृह त्याच्या हाती आले. १७७६ साली त्याने तेथे ‘हॅम्लेट’ रंगविले, ते वीलांटच्या गद्य भाषांतराचा आधार घेऊन. स्वतः तो भूत झाला होता, पुढे हॅम्लेटही झाला. त्याच्या रूपांतरात हॅम्लेट जिवंत राहतो! त्याच वर्षी ‘ऑथेल्लो’चा मूळ शेवट प्रेक्षकांना सोसवेना, तेव्हा तोही त्याला बदलावा लागला. तथापि शेक्सपिअर जर्मन रंगभूमीवर रुजला तो याच नटामुळे.

आम्हा लखनौवासी मराठी मंडळींना आणखी एक हॅम्लेट जवळचा आहे. येथील मुन्शी मेहदी हसन ‘अहसन’ यांचे ‘खून-ए-नाहक’ १८९८ साली पारशी रंगभूमीवर आले. त्यात काव्य आणि गाणी मुबलक; विद्वानांनी नाके मुरडली, पण कावसजी खटाऊंच्या अभिनयाने ते गाजले. १९३५ साली सोहराब मोदींनी ‘खून का खून’ हा बोलपट काढला, तो त्यावरूनच.

गणपतरावांना मात्र गाण्याचा आधार नव्हता. शाहूनगरवासी मंडळी गद्य नाटकांची. आणि आगरकरांचे गद्य निबंधकाराचे, संस्कृतप्रचुर, लांब पल्ल्याचे. वाचताना ते कित्येकदा जड जाते. अशा वाक्यात श्वास कोठे घ्यावा, कोणत्या शब्दावर थांबावे, स्वगतात विचार कोठे वळतो, हे छापील पानावर लिहिलेले नसते. ते नटाला शोधावे लागते. हा शोध म्हणजे भाषांतराचाच उत्तरार्ध होय. हाच नट ‘त्राटिके’त बाळाभाऊ जोगांसमोर प्रतापराव होई आणि देवलांच्या ‘झुंझारराव’मध्ये ऑथेल्लोची व्यथा बोले, तेथे मराठी अधिक बोलती आहे, म्हणून ‘विकारविलसिता’तील यश मला अधिक अवघड वाटते.

नाट्यभाषांतराला पारितोषिके देणारे आमचे परीक्षक (मीही त्यांत कधी बसलो आहे) संहिता मुकाट्याने वाचून गुण देतात. निदान एक अंक तरी चांगल्या नटाकडून मोठ्याने म्हणवून घ्यावा, आणि मगच लेखणी उचलावी.