जेथे गाय हेच चलन होते : प्राचीन आयर्लंडमधील गोधन आणि पत

आपण व्यापारी लोक सकाळी दुकान उघडतो, तेव्हा गल्ल्यातील नाणे आणि वहीतील नोंद या दोन गोष्टी गृहीत धरूनच दिवसाच्या व्यवहारास आरंभ करतो. परंतु ज्या समाजापाशी स्वतःचे नाणे नाही आणि बहुतेक करारमदार केवळ तोंडी होतात, त्या समाजाने कर्ज, जामीन, दंड व वसुली हे सर्व व्यवहार कसे चालविले असतील? या प्रश्नाचे बोधप्रद उत्तर युरोपच्या पश्चिम टोकास असलेल्या आयर्लंड बेटाच्या इतिहासात मिळते. इसवी सनाच्या सातव्या व आठव्या शतकांत तेथील धर्मशास्त्रींनी आपले कायदे आयरिश भाषेत लिहून ठेविले. ते वाचू लागले असता पानोपानी एकच प्राणी भेटतो, आणि तो म्हणजे गाय.

आयरिश भाषेत गाईला ‘बो’ म्हणतात. हा शब्द आणि आपला संस्कृत ‘गो’ हे दोन्ही एकाच मूळ शब्दापासून निघालेले आहेत. रस्त्याला तेथे ‘बोहर’ म्हणतात, तोही मुळात गाईंच्या वाटेचाच शब्द होय. तेथील बॉइन नदीचे प्राचीन नाव धवल गाईवरून पडलेले आहे. आपल्याकडे गोष्ठी, गोत्र, गवाक्ष हे शब्द जसे गाईच्या पावलांनी भाषेत आले, तसाच हा प्रकार आहे.

त्या काळी बेटावर शंभराहून अधिक लहान लहान राज्ये होती. शहरे नव्हती. सधन शेतकरी मातीच्या गोल तटबंदीत घर बांधून राहत असे आणि लांडगे व चोर यांच्या भयाने रात्री गुरे तटाच्या आश्रयास आणीत असे. अशा तटबंदींचे चाळीस हजारांहून अधिक अवशेष तेथे आजही आढळतात. गाई पाळल्या जात त्या मुख्यतः दुधासाठी. उन्हाळ्यात दूध, दही, लोणी आणि चीज हाच लोकांचा प्रमुख आहार असे. त्यास ते ‘पांढरे अन्न’ म्हणत. मात्र अनावश्यक गोऱ्हे मारले जात व मांसही खाल्ले जाई. आपल्या वाचकांस हे रुचणार नाही. तथापि वस्तुस्थिती सांगितलीच पाहिजे. गोधनाची महती तेथे भूतदयेतून उपजलेली नव्हती, ती व्यवहारातून आलेली होती.

दुभती गाय हे मूल्य मोजण्याचे मुख्य माप होते. तिच्याहून लहान माप ‘शेत’ नावाचे असून ते साधारणपणे अर्ध्या गाईइतके धरीत. मोठे माप ‘कुमल’, म्हणजे बहुधा तीन दुभत्या गाई. कुमल या शब्दाचा मूळ अर्थ ‘दासी’ असा आहे. माणसाला विकण्याजोगी वस्तू मानणाऱ्या काळाचा हा डाग त्या हिशेबावर राहून गेला, हेही विसरता कामा नये.

या मापांनी केवळ मालाची किंमत होत नसे, माणसाचीही होई. प्रत्येक स्वतंत्र पुरुषाची कायद्याने ठरविलेली एक ‘तोंडाची किंमत’ असे. आपणही अब्रू गेली म्हणजे ‘तोंड दाखवावयास जागा उरली नाही’ असे म्हणतो; आयरिश कायद्याने ही भावना आकड्यांत मांडली. सात गाई बाळगणाऱ्या लहान शेतकऱ्याची तोंडाची किंमत तीन शेत होती. त्याच्या वरच्या पायरीस ‘बो-आरे’, म्हणजे गाईंचा धनी, असे नाव होते. बारा गाईंच्या धन्याची किंमत पाच शेत. लहान राज्याच्या राजाची सात कुमल, म्हणजे एकवीस गाई. कोणाचा अपमान केला, तर अपराध्यास ही रक्कम भरावी लागे. एवढेच नव्हे, तर माणसाने स्वतःच्या बळावर करार किती रकमेचा करावा आणि दुसऱ्यासाठी जामीन किती रकमेस राहावे, याची मर्यादाही हीच होती. आपण ज्यास बाजारातील पत म्हणतो, तिचे हे लेखी कोष्टकच होय.

भांडवलाचा व्यवहारही गाईंतच होई. सरदार आपल्या कुळास गाई देई आणि त्या बदल्यात दरसाल देणे घेई. खुल्या पद्धतीत तीन गाईंमागे वर्षास एक गाय द्यावी लागे. व्याजाचा हा दर पाहून आपली भुवई उंचावेल. परंतु हे भांडवल विते, दूध देते, हे ध्यानी घेतले पाहिजे. शिवाय हा करार उभयतांपैकी कोणासही दंडावाचून मोडता येई. दुसऱ्या पद्धतीत सरदार गाईंबरोबर कुळाच्या तोंडाची किंमतही आगाऊ देई. मग कुळाला दरसाल धान्य, मांस आदी जिन्नस पुरवून अंगमेहनतही करावी लागे. मात्र सात वर्षांनंतर सरदार वारला, तर दिलेले गोधन कुळाचेच होई. घेणाऱ्याने पिढ्यान्‌पिढ्या ऋणात बुडू नये, एवढी दक्षता त्या कायद्याने घेतली होती.

करार साक्षीदार व जामीनदार यांच्यासमक्ष होत. जामीनदारांचे तीन प्रकार होते. एक स्वतःच्या गोधनातून देणे फेडणारा, दुसरा ऋणकोकडून बळाने करार पाळवून घेणारा, आणि तिसरा स्वतःचा देह ओलीस ठेवणारा. तरीही देणे चुकले, तर धनको प्रथम सूचना देई, ठराविक दिवस थांबे, मग ऋणकोची गुरे हाकून कोंडवाड्यात नेई. तेथेही सोडविण्यास मुदत असे; ती उलटल्यावर गुरे एकदम न जाता दिवसागणिक थोडी थोडी धनकोच्या मालकीची होत.

परंतु ऋणको राजा वा सरदार असेल, तर सामान्य माणसाने काय करावे? त्याने प्रथम त्या बड्या माणसाच्या दाराशी उपाशी बसावे, असे कायदा सांगतो. उपोषणास दाद न देणारा बडा माणूस आपला मान गमावून बसे. हे वाचताच आपणांस धरणे आठवेल. गव्हर्नर जनरलच्या मंडळात कायदेविषयक सभासद म्हणून १८६२ ते १८६९ या काळात काम केलेले सर हेन्री मेन यांनी १८७५ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात आयरिश उपोषण आणि हिंदुस्थानातील धरणे यांची तुलना केली आहे. हजारो मैल दूरच्या दोन समाजांनी दुर्बल धनकोच्या हाती एकच शस्त्र द्यावे, हे खरोखर विचार करण्याजोगे आहे.

आयर्लंडच्या सर्वांत प्रसिद्ध प्राचीन वीरकथेचा विषयही गोधनच आहे. एका जुन्या पाठानुसार कॉनाक्टची राणी मेव्ह आणि तिचा पती यांनी आपापल्या संपत्तीची मोजदाद केली, तेव्हा एका बैलाखेरीज दोघांची बरोबरी भरली. तसाच बैल राणीने अल्स्टरमधील एका मालकाकडे वर्षभराच्या बोलीने उसना मागितला, आणि त्याने तो आनंदाने कबूलही केला. परंतु राणीचे दूत रात्री मद्य पिऊन बरळले की, याने बैल दिला नसता तर तो बळाने नेला असता. हे मालकाच्या कानी गेले. सौदा मोडला आणि युद्ध पेटले. ठरलेला व्यवहार एका उर्मट शब्दाने कसा बुडतो, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच मिळेल.

पुढे दहाव्या शतकाच्या अखेरीस डब्लिनच्या नॉर्स राजाने, सिट्रिकने, बेटावरील पहिली नाणी पाडली. तरीही गाईंत देणे-घेणे पुढे कित्येक शतके टिकून राहिले. सतराव्या शतकात इंग्रजी सत्ता दृढ झाल्यावर मात्र हे जुने कायदे लोपले.

गाय रोगाने मरते, चोर तिला पळवितात. असे नाशिवंत चलन इतका दीर्घ काळ चालले ते काही गाईच्या अंगच्या गुणाने नव्हे. दिलेला शब्द, त्यामागे उभा राहणारा जामीनदार आणि तोंड राखण्याची चाड, यांच्या आधाराने ते चालले. नाणी बदलली, वह्या बदलल्या, तरी आपल्या पेढ्यांचा पायाही याहून निराळा नाही. नव्या पिढीस दुकानाच्या किल्ल्या सोपविताना ही गोष्टही तिच्या कानी घालावी, एवढीच विनंती.