खेळणारं शरीर (भाग ७) : पिचरचं कोपर

मागच्या आठवड्यात भालाफेकपटूचा खांदा पाहिला. आज त्याखालचा सांधा, कोपर. विषय बेसबॉलच्या पिचरचा आहे, पण सुरुवात चंडीगडच्या एका गोलंदाजापासून करावी लागेल.

कपिल देव १९५९ साली चंडीगडमध्ये जन्मला आणि सेक्टर १६ च्या मैदानावर देशप्रेम आझाद यांच्या हाताखाली तयार झाला. चंडीगडला तेव्हा स्वतःचा रणजी संघ नव्हता, म्हणून तो हरियाणाकडून खेळला. कोवळ्या वयात मुंबईच्या शिबिरात त्याने जेवण वाढवून मागितलं. वेगवान गोलंदाज आहे, भूक लागते, असं कारण दिलं. त्यावर, भारतात वेगवान गोलंदाज असतात कुठे, असं त्याला ऐकवण्यात आलं. हा किस्सा त्यानेच सांगितलेला आहे. पुढे १३१ कसोटींत त्याने २७,७४० चेंडू टाकले, ४३४ बळी घेतले आणि दुखापतीपायी एकही कसोटी चुकवली नाही. एक चुकली, १९८४-८५ ची कोलकात्याची. पण ती आधीच्या दिल्ली कसोटीतल्या बेजबाबदार फटक्याची शिक्षा होती.

या टिकाऊपणात कपिलच्या काटकपणाचा वाटा मोठा आहेच, पण क्रिकेटच्या नियमाचाही आहे. गोलंदाजाचा हात सरळ फिरतो. चेंडू टाकताना कोपर १५ अंशांपेक्षा जास्त सरळ झालं तर तो फेकी ठरतो. वेग येतो तो धावण्यातून आणि रोवलेल्या पुढच्या पायातून. त्याची किंमत गुडघा, घोटा आणि मुख्यतः कंबर मोजते. वेगवान गोलंदाजांचे मणके चिरतात, कोपर सहसा शाबूत राहतं.

पिचरला धाव नाही. दहा इंच उंचीच्या मातीच्या उंचवट्यावर तो उभा असतो, बॅटर साडेसाठ फुटांवर. एक पाय उचलायचा, लांब ढांग टाकायची आणि सगळा वेग कंबर, धड, खांदा या क्रमाने हातात आणायचा. धड पुढे वळतं तेव्हा कोपरात वाकलेला हात मागेच राहिलेला असतो आणि क्षणार्धात चाबकासारखा पुढे येतो. त्या क्षणी कोपराची आतली बाजू फाकू पाहते. तिला धरून ठेवतो दंडाचं हाड आणि हाताचं हाड जोडणारा एक छोटा अस्थिबंध. स्नायूंनी भार वाटून घेतला नाही तर जोरदार फेकीत तो एकटा टिकणार नाही. म्हणूनच सामन्याची सुरुवात करणारा पिचर साधारण शंभर फेकींनंतर बसतो आणि पुन्हा पाचव्या दिवशी उतरतो. नोलन रायन हा पिचर २७ मोसम टिकला हे खरं. पण १९९३ मध्ये, ४६ व्या वर्षी, त्याचाही हाच बंध तुटला.

१९७४ पूर्वी हा बंध तुटणं म्हणजे कारकीर्द संपणं. त्या वर्षी टॉमी जॉन या डावखुऱ्या पिचरचा बंध गेला. डॉ. फ्रँक जोब यांनी त्याच्या उजव्या हाताची एक कंडरा काढून डाव्या कोपरात, हाडांना भोकं पाडून, ओवली. पूर्ण १९७५ साल तो खेळला नाही. त्यानंतर १९८९ पर्यंत खेळला आणि २८८ पैकी १६४ विजय त्याने शस्त्रक्रियेनंतर मिळवले. आज त्या शस्त्रक्रियेला त्याचंच नाव आहे.

आपल्याकडची गोष्ट इतकी सुखाची नाही. २००८ मध्ये अमेरिकन एजंट जे. बी. बर्नस्टीनने भारतात ‘मिलियन डॉलर आर्म’ ही स्पर्धा भरवली. लखनौच्या क्रीडा महाविद्यालयात भालाफेक शिकलेले रिंकू सिंग आणि दिनेश पटेल त्यातून निवडले गेले. रिंकूने ताशी ८७ मैल, म्हणजे सुमारे १४० किलोमीटर वेगाने फेक केली होती. दोघांनाही पिट्सबर्ग पायरेट्स या बेसबॉल संघाने करारबद्ध केलं. यावर आलेला हॉलिवूडचा चित्रपट करारापाशी थांबतो. पिचरची कारकीर्द तिथून सुरू होते. करार म्हणजे मेजर लीग, अमेरिकी बेसबॉलची सर्वोच्च पायरी, नव्हे. खाली शिकाऊ, ए, डबल ए, ट्रिपल ए अशा पायऱ्या असतात आणि बहुतेकांचं आयुष्य त्यांवरच सरतं. दिनेशला २०१० च्या अखेरीस सोडण्यात आलं. रिंकू ए पायरीपर्यंत चढला, ऑस्ट्रेलियात कॅनबेराकडूनही खेळला. मग कोपर गेलं. २०१३ मध्ये टॉमी जॉन शस्त्रक्रिया झाली, पण तो परतला नाही. २०१८ मध्ये तो व्यावसायिक कुस्तीत, डब्ल्यूडब्ल्यूईत गेला.

भाल्याचा हात चेंडूला चालेल, हा त्या स्पर्धेमागचा हिशेब मला अर्धाच बरोबर वाटतो. वेग आणता येतो. पण वर्षानुवर्षं, हजारो फेकींनी हळूहळू मुरवलेलं कोपर विशीत विकत मिळत नाही. आणि लहानपणी मुरवण्याचा अतिरेक झाला तर कोपर तिथेच बिघडतं. म्हणून अमेरिकेत मेजर लीगच्याच मार्गदर्शक सूचना आहेत : ९-१० वर्षांच्या मुलाने दिवसाला ७५, ११-१२ च्या मुलाने ८५ फेकींच्या पुढे जायचं नाही, आणि मध्ये विश्रांतीचे दिवस घ्यायचे.

तुमचं मूल क्रिकेटच्या अकादमीत वेगवान गोलंदाजी करत असेल, तर आठवड्याला ते किती चेंडू टाकतं याची नोंद कोण ठेवतं, हे प्रशिक्षकांना एकदा विचारा. कोणीच ठेवत नसेल, तर वही तुम्ही घाला. पुढच्या भागात गोलंदाजाची कंबर.