मेंढीच्या काळजातील पाण्याची पिशवी

दिवाळी सरली की केडगाव-चौफुल्याच्या बाजूस रानोरान धनगरांचे वाडे उतरतात. मेंढरे शेतात बसविली म्हणजे जमिनीला खत मिळते, धनगराला धान्य मिळते. आणि लांडग्यापासून कळप राखण्यास कुत्री असतातच. माणूस, मेंढी आणि कुत्रा यांच्या या जुन्या सहवासात एक चौथा सोबतीही आहे. आज त्याची ओळख करून घ्यावयाची आहे.

हा कुत्र्याच्या आतड्यात राहणारा एक पट्टकृमी होय. शास्त्रज्ञ त्यास एकायनोकॉकस ग्रॅन्युलोसस म्हणतात. पट्टकृमी म्हटला की कित्येक हात लांब फीत आपल्या डोळ्यांपुढे येते. डुकराच्या वा गाईच्या अर्धकच्च्या मांसातून माणसाच्या पोटात जाणारे कृमी तसे असतातही. हा मात्र तांदळाच्या दाण्याहून मोठा नाही. तीन-चार पेरे, लांबी फार तर सहा-सात मिलिमीटर. एका कुत्र्यात असे हजारो असले तरी कुत्रा धडधाकटच दिसतो. अंड्यांनी भरलेले शेवटचे पेर गळून विष्ठेवाटे बाहेर पडते. मग ती अंडी गवतावर पडतात, पाण्यात उतरतात, कुत्र्याच्या केसांना चिकटतात. मेंढीने ते गवत खाल्ले की अंड्यातील भ्रूण आतड्याची भिंत भेदून रक्तात शिरतो व काळजात किंवा फुप्फुसात ठाण मांडतो. तेथे त्याची पाण्याने भरलेली पिशवी होते. आपल्या खाटकांना ती चांगली परिचयाची आहे. तिच्या तळाशी रेतीसारखे कण असतात. ती पुढच्या कृमींची मुंडकी. अशा पिशव्या कुत्र्यांना खाऊ घालून त्यांच्या पोटात कृमी होतात, हे कार्ल फॉन झीबोल्ड या जर्मन शास्त्रज्ञाने १८५३ साली दाखवून दिले.

आता माणसाचे. या फेऱ्यात माणूस मेंढीच्या जागी चुकून येतो. त्याला हा रोग मटणातून होत नाही, अंड्यांतून होतो. तेव्हा 'आम्ही माळकरी, आम्हांस काय भय?' असे कोणी म्हणेल तर ते खरे नव्हे. न धुतलेली कोथिंबीर, उघडे पाणी, कुत्र्याला कुरवाळून तसाच भाकरीला लावलेला हात, एवढे पुरते. पिशवी बहुधा यकृतात होते, त्याखालोखाल फुप्फुसात. आणि ती इतकी सावकाश वाढते की वर्षानुवर्षे पत्ता लागत नाही. पुढे ती फुटली तर आतल्या पाण्याने जिवावर बेतू शकते, आणि सांडलेल्या मुंडक्यांतून नव्या पिशव्या होतात. सोनोग्राफीत ती दिसते. अल्बेंडेझोल नावाचे औषध आहे, शस्त्रक्रिया आहे; पण दुखणे सोपे नाही.

कुत्र्याला हे कृमी कोण देतो? दोष धनगरावर टाकणे सोयीचे. तो आपल्या ओट्यावर बसून उत्तर द्यायला येत नाही. पण जत्रेत कंदुरीचा बोकड आपणच कापतो, आणि खराब दिसणारे काळीज दारच्या कुत्र्यापुढे आपणच टाकतो. आइसलँडात असेच चाले. १८६३ साली हाराल्ड क्राबे हा डॅनिश शास्त्रज्ञ तेथे गेला. पुढे या रोगाची माहिती देणारी पुस्तिका लोकांत वाटली गेली, १८६९ साली कुत्र्यांविषयी कायदा झाला, आणि एके काळी घरोघरी भय असलेला हा रोग विसाव्या शतकात तेथून जवळजवळ नाहीसा झाला.

येथेही वेगळे काही करावयाचे नाही. पिशवी आढळलेले काळीज-फुप्फुस जाळावे, किंवा कुत्र्याला उकरता येणार नाही इतके खोल पुरावे. कुत्र्याला द्यावयाचेच तर अर्धा तास चांगले उकळून द्यावे. कुत्र्याला पशुवैद्याकडून प्रॅझिक्वांटेलची गोळी द्यावी. मुंडकी गिळल्यापासून सुमारे सहा-सात आठवड्यांत कुत्रा पुन्हा अंडी टाकू लागतो, म्हणून एकदा दिली की झाले असे नसते. गोळीने कृमी मरतो, अंडी मरत नाहीत. सबब त्यानंतरच्या दोन-तीन दिवसांची विष्ठाही पुरून टाकावी.