उल्हासची दरी आणि तिच्या अर्ध्या लिहिल्या गेलेल्या गोष्टी

टेमघरचं नाव भिवंडीबाहेर पोचलं ते पाण्यामुळे. शहाडजवळ उल्हास नदीतून उचललेलं पाणी इथल्या शुद्धीकरण केंद्रात येतं आणि इथून पुढच्या शहरांना जातं. यंत्रमागाच्या खडखडाटात दिवस काढणाऱ्या इथल्या माणसाला ही नदी भेटते ती नळातून, नाहीतर कल्याणचा खाडीपूल ओलांडताना. तिचं माहेर मात्र निराळंच आहे. राजमाची आणि खंडाळा यांच्यामध्ये सह्याद्री दीड-दोन हजार फूट तुटून खाली येतो. पावसाळ्यात दोन्ही अंगांच्या कड्यांवरून धबधबे कोसळत असतात, आणि या सगळ्याच्या तळाशी उल्हास वाहायला लागते. वसईच्या खाडीपर्यंत ही नदी जेमतेम १२२ किलोमीटरची. पण जिथून ती निघते ती दरी महाराष्ट्रातल्या सर्वांत भव्य दऱ्यांपैकी एक आहे.

एवढी दरी उशाशी असताना मराठी माणसानं तिच्याबद्दल काय लिहिलं? हा मागोवा घेताना एक गोष्ट पुन्हा पुन्हा समोर येते. आपली साहसकथा कडा चढते, माचीवर विसावते, गुहेत मुक्काम टाकते. नदीच्या पात्रात मात्र ती क्वचितच उतरते.

दरीतलं सर्वांत जुनं लिखाण दगडात आहे. राजमाचीच्या पायथ्याशी, उल्हासच्या बाजूला कोंढाण्याची बौद्ध लेणी आहेत, साधारण इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातली. तिथल्या एका शिल्पाजवळ ब्राह्मी लिपीत छोटासा लेख आहे. कण्हाच्या शिष्यानं, बलकानं हे काम केलं, एवढंच तो सांगतो. दरीच्या तळाशी राहून काम करणाऱ्या माणसानं मागे ठेवलेली ही नोंद मला पुढच्या अनेक पोथ्यांपेक्षा मोलाची वाटते.

त्यानंतरची मोठी गोष्ट युद्धाची. फेब्रुवारी १६६१ मध्ये शाइस्तेखानानं धाडलेला कारतलबखान कल्याण-भिवंडीकडचा मुलूख घ्यायला कुरवंड्याच्या घाटानं खाली उतरला आणि उंबरखिंडीच्या अरुंद, गर्द झाडीत फौजेसकट कोंडला गेला. ही खिंड अंबा नदीच्या खोऱ्यातली, म्हणजे नागफणीच्या सुळक्यापलीकडची. पण डोंगर तेच आणि वाटाही तशाच. कवींद्र परमानंदांनी 'शिवभारता'त या प्रसंगाचं संस्कृतात सविस्तर वर्णन केलं आहे. स. म. दिवेकरांनी १९२७ मध्ये त्याचा मराठी अनुवाद दिल्यावर ते घराघरांत गेलं. तिथे खिंड ही नुसती पार्श्वभूमी उरत नाही, लढाईच ती लढते. आत शिरलेल्या फौजेला पुढे जाता येईना, मागे फिरता येईना, आणि अखेर फौजेतल्या रायबागन या स्त्री-सरदाराच्या सल्ल्यानं खानाला शरण यावं लागलं. दरीला कथेतलं पात्र करायचं म्हणजे काय, हे आपल्याकडे इतक्या लवकर कोणीतरी करून दाखवलं होतं. पुढच्या ऐतिहासिक कादंबरीनं तो धागा फारसा उचलला नाही. तिला दरबार आणि तटबंदी अधिक जवळची वाटली.

राजमाचीच्या वाट्याला आणखी एक विलक्षण प्रकरण आलं. पानिपतावर पडलेला सदाशिवरावभाऊ आपणच, असं सांगत फिरणाऱ्या तोतयानं १७७६ मध्ये कोकणात बंड पेटवलं, तेव्हा राजमाचीही त्याच्या धामधुमीत सापडली. न. चिं. केळकरांच्या 'तोतयाचे बंड' या नाटकामुळे हे प्रकरण रंगभूमीवर आलं. पण रंगमंचावर दरी कशी आणणार? ती राहिली पडद्यामागे.

मग आगगाडी आली. बोरघाटातली लोहमार्गाची वाट १८६३ मध्ये खुली झाली. कर्जतहून ठाकूरवाडी, नागनाथ, मंकी हिल असं करत गाडी खंडाळ्याला पोचते आणि वाटेत बोगद्यांच्या फटींतून उल्हासची दरी क्षणभर दिसून नाहीशी होते. लाखो मराठी प्रवाशांनी ही दरी पाहिली आहे ती एवढीच, खिडकीच्या मापाची. ही वाट खोदताना चाळीस हजारांच्या वर मजूर एका वेळी या कड्यांवर राबत होते. दोराला लटकून सुरुंगाची भोकं पाडणारे, पटकीनं झोपड्यांत मेलेले. त्यांच्या बाजूनं लिहिलेलं साहित्य फार थोडं आहे. हे ऋण अजून फिटलेलं नाही, असं मला मनापासून वाटतं.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मराठी साहसकथेला बहर आला. 'वीरधवल' लिहिणारे नाथमाधव तरुणपणी सिंहगडाच्या परिसरात शिकारीला गेले असताना कड्यावरून कोसळले आणि पायांनी अधू झाले. अंथरुणाला खिळलेल्या या माणसानं भुयारं, किल्ले, घोडदौडी लिहून अवघा महाराष्ट्र जागा ठेवला. कडा काय करू शकतो, हे ज्याच्या शरीरावर लिहिलेलं होतं त्यानंही प्रत्यक्ष भूगोलापेक्षा अद्भुताची वाट धरली. त्या काळच्या वाचकाला तेच हवं होतं.

डोंगर जसा आहे तसा मराठीत आणला तो गोपाल नीलकंठ दांडेकरांनी. तळेगाव दाभाड्याला राहणारे गोनीदा मावळ पायांखाली घालत होते. 'पवनाकाठचा धोंडी' १९५५ चं, 'माचीवरला बुधा' १९५८ चं, 'जैत रे जैत' १९६५ चं. या दहा वर्षांत सह्याद्रीच्या अंगाखांद्यावर राहणारी माणसं कादंबरीचे नायक झाली. यांतला 'बुधा' आपल्या दरीचा. आयुष्य मुंबईत घालवलेला हा म्हातारा शेवटचे दिवस काढायला राजमाचीवर परततो आणि एका झोपडीत राहतो. सोबतीला कुत्रा, पाखरं, झाडं, पाऊस. कथानक म्हणावं असं फारसं काही घडत नाही. तरी मी ही कादंबरी साहसकथाच मानतो. चाळीतला मुक्काम सोडून ऐन म्हातारपणी वाऱ्या-पावसाच्या माचीवर एकट्यानं राहणं याला दुसरं नाव नाही. गोनीदांच्या भाषेला इथल्या मातीचा वास आहे आणि प्रत्येक ऋतूत दरीचं रूप कसं पालटतं हे त्यांना पाठ होतं. पुढे या कादंबरीवर चित्रपटही निघाला.

पण बुधा माचीवर आहे. दरी त्याच्या पायांशी आहे, धुक्यानं भरते, रिकामी होते. तो तिच्याकडे वरून पाहतो. खाली नदीकाठी राहणारे ठाकर, कातकरी, त्यांचे डोह, त्यांची मासेमारी, पुरात तुटणाऱ्या वाटा या पुस्तकाच्या कक्षेत येत नाहीत. गोनीदांना दोष देण्याचं कारण नाही. ज्यानं वरचा अर्धा भाग लिहिला त्याच्यानंतर खालचा अर्धा कोणीतरी लिहायला हवा होता.

जगात दुसरीकडे याच्या उलट घडलं. अमेरिकेत युद्धात उजवा हात गमावलेला जॉन वेस्ली पॉवेल मे १८६९ मध्ये चार होड्या आणि नऊ माणसं घेऊन कोलोरॅडोच्या महादरीकडे निघाला. ऑगस्टअखेर बाहेर पडले ते सहा जण. त्यानं १८७५ मध्ये लिहिलेला वृत्तान्त त्या दरीवरच्या पुढच्या साऱ्या लेखनाचा पाया ठरला. त्या पुस्तकातलं जग होडीच्या उंचीवरून दिसतं. कडे वर, आकाशाची चिंचोळी पट्टी त्याहून वर, आणि पुढच्या वळणावर काय आहे ते ठाऊक नाही.

मराठीत नदीच्या कडेनं चालणारं मोठं लेखन झालं ते नर्मदेवर. गोनीदांचीच 'कुणा एकाची भ्रमणगाथा' १९५७ ची. त्यानंतर जगन्नाथ कुंट्यांचं 'नर्मदे हर हर', भारती ठाकूर यांचं परिक्रमेवरचं पुस्तक, आणि इतर कितीतरी. सातपुडा आणि विंध्य यांच्यामधली शूलपाणीची झाडी हा या साऱ्यांतला सर्वांत थरारक टप्पा. परिक्रमावासीयाला तिथे लुटलं जायचं, अंगावरचे कपडेही जायचे, आणि तरीही माणसं त्या वाटेनं जात. आज त्या झाडीचा बराचसा भाग सरदार सरोवराखाली आहे. धरण २०१७ मध्ये १३८.६८ मीटर या पूर्ण उंचीवर गेलं आणि नंदुरबार जिल्ह्यातली ३३ गावं बुडिताच्या झळीत आली. श्रद्धेनं लिहिलेली ती वर्णनं आता बुडालेल्या दरीचा दस्तऐवज ठरली आहेत. हे भाग्य म्हणावं की दुर्दैव, मला ठरवता येत नाही. लिहिलेलं असलं की निदान काय गेलं ते कळतं.

उल्हासकडे परत येऊ. सत्तरच्या दशकानंतर मुंबई, ठाणे, डोंबिवली, पुण्याची पोरं शनिवारी रात्री पाठीवर सॅक टाकून कर्जत किंवा लोणावळ्याला उतरू लागली. आनंद पाळंद्यांचं 'डोंगरयात्रा', यंग झिंगारो ट्रेकर्सचं 'सांगाती सह्याद्रीचा', प्र. के. घाणेकरांची पुस्तकं या पिढीच्या हाती आली. ही वाटांची पुस्तकं, कथा नव्हेत. पण मराठीत नाळ, पदर, धार, सोंड, घसारा हे डोंगरी शब्द पुन्हा खेळते झाले ते यांच्यामुळे. कथा मात्र तोंडी राहिल्या. सांडशीच्या बाजूनं ढाकच्या भैरीच्या गुहेत चढताना हात सुटलेल्याची, गुहेतली भैरी देवाची भांडी वापरून धुऊन जागेवर न ठेवणाऱ्याला काय भोगावं लागलं त्याची. मुक्कामाच्या रात्री या गोष्टी अजून सांगितल्या जातात आणि दरवेळी थोड्या वाढतात.

अलीकडे एक बदल झाला आहे आणि तो मला फार आशेचा वाटतो. साहस खाली उतरू लागलं आहे. हार्नेस चढवून, दोर लावून धबधब्याच्या धारेतून उतरायचं, मग पात्रातूनच पुढे सरकायचं, असं करणारी मुलंमुली आता या दरीत दिसतात. कातळधार धबधब्याखाली उभं राहून वर पाहिलेली ही पहिली मोठी पिढी. त्यांच्याकडे चित्रफिती भरपूर आहेत, लिखाण अजून थोडं आहे.

त्यांच्यापैकी कोणी लिहायला घेतलंच तर तिथेच थांबू नये. कोंढाण्याखालून नदी धरून चालत यावं. उन्हाळ्यात वरच्या अंगाला पात्रात डोह तेवढे उरतात. पुढे नदीला भिवपुरीचं पाणी मिळतं. १९२२ पासून चालू असलेल्या वीजघरातून सुटणारं हे पाणी घाटमाथ्यावरच्या ठोकरवाडी धरणातलं. एरवी ते आंद्रा, इंद्रायणी, भीमा असं करत बंगालच्या उपसागराला गेलं असतं. डोंगर पोखरून आणलेलं ते पाणी बारमाही वाहतं, बदलापूरवरून शहाडला येतं, तिथे पंपानं उचललं जातं आणि टेमघरला पोचतं. ही वाट चालून कोणी पुस्तक लिहिलं तर त्यात कोंढाण्याचा बलक, बोरघाटातले सुरुंगवाले, सांडशीचे ठाकर आणि भिवंडीचा माग चालवणारा कामगार यांना एकाच नदीच्या काठावर जागा मिळेल.