प्लेगचे साल : चिंचवड ते जोहान्सबर्ग

मोशीतून नाशिक रस्त्याने इंद्रायणी ओलांडली की चाकण लागते आणि त्याच्या पुढे राजगुरुनगर, म्हणजे हुतात्मा राजगुरूंचे खेड. मोशीच्या दुसऱ्या अंगाला, पिंपरीच्या कारखान्यांपलीकडे, चाफेकरांचे चिंचवड आहे. या पट्ट्यात आज देशभरातून आलेला कामगार राहतो. चाफेकर चौकातून तो रोज जातो. पण ज्या सालाने त्या चौकाला नाव दिले, त्या १८९७ची पूर्ण हकिकत त्याच्यापर्यंत क्वचितच पोहोचते. ती केवळ एका गोळीबाराची हकिकत नाही. साथीच्या निमित्ताने माणसे वेगळी काढण्याची जी पद्धत तेव्हा जगभर रुजली, तिच्या आरंभीच्या प्रकरणांपैकी ते एक आहे.

कायदा आधी, ज्ञान नंतर

सप्टेंबर १८९६मध्ये मुंबईच्या मांडवी भागात प्लेगचे निदान झाले आणि काही महिन्यांत साथ पुण्यात शिरली. ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथरोग कायदा मंजूर झाला. अवघ्या चार कलमांच्या या कायद्याने सरकारला प्रवासी तपासण्याचे, माणसांना वेगळे ठेवण्याचे आणि हवे ते नियम करण्याचे अधिकार दिले. सद्‌भावनेने वागलेल्या अधिकाऱ्यावर दावा लावता येणार नाही, अशीही तजवीज केली. ज्याच्या घरात सोजीर शिरतील, त्याच्या हक्काबद्दल मात्र त्यात अक्षर नव्हते.

पुण्याच्या प्लेग समितीचे प्रमुख म्हणून वॉल्टर चार्ल्स रँड हे सनदी अधिकारी आले. मार्चपासून गोऱ्या पलटणीचे शिपाई घरोघर झडत्या घेऊ लागले. देवघर, माजघर, बाळंतिणीची खोली, काही सुटले नाही. रोग्याला इस्पितळात आणि त्याच्या घरच्यांना सेग्रिगेशन कॅम्पात नेले जाई. सामान जाळले जाई. स्त्रियांची तपासणी परके पुरुष करतात, हा सल सर्व जातीधर्मांत होता. प्लेगच्या इस्पितळात स्त्रियांना मिळणाऱ्या वागणुकीबद्दल पंडिता रमाबाईंनीही जाहीर पत्र लिहिले. सनातनी ज्यांच्यावर सतत टीका करीत, त्या रमाबाई आणि टिळकांचा ‘केसरी’ या एका बाबतीत सरकारला जाब विचारत होते.

रोग खरा होता आणि तो माणसे मारत होता, हे विसरून चालणार नाही. पण तो पसरतो कसा, हे १८९७मध्ये कोणालाच नीट ठाऊक नव्हते. उंदरावरच्या पिसवांचा त्यातला वाटा पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरने कराचीत दाखवला तो १८९८मध्ये. मुंबईत शास्त्रज्ञ हाफकिनने १० जानेवारी १८९७ रोजी स्वतःला प्लेगची लस टोचून घेतली होती. विज्ञान आपल्या गतीने चालले होते. पुण्यात मात्र अपुऱ्या माहितीवर पुरेपूर सत्ता गाजवली गेली.

दोन उत्तरे

या साथीला मराठी माणसांनी दिलेली दोन उत्तरे शेजारी ठेवून वाचायला हवीत. सावित्रीबाई फुल्यांनी मुलगा डॉ. यशवंत याच्यासह रोग्यांची शुश्रूषा केली आणि त्यातच १० मार्च १८९७ रोजी त्यांचा अंत झाला. त्यानंतर साडेतीन महिन्यांनी, २२ जूनच्या रात्री, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या हीरकमहोत्सवाहून परतणाऱ्या रँड आणि त्याचा लष्करी सोबती लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर दामोदर आणि बाळकृष्ण चाफेकरांनी गणेशखिंडीत गोळ्या झाडल्या. आयर्स्ट जागीच गेला. रँड ३ जुलैला मरण पावला.

कीर्तनकार हरिपंतांची ही मुले धर्माभिमानी होती, समाजसुधारणेची विरोधक होती. हे सांगितल्याने त्यांचे बलिदान उणे होत नाही. उलट परक्या सत्तेने घराच्या उंबऱ्यावर पाय ठेवला, तेव्हा सुधारक आणि सनातनी दोघेही दुखावले, हे त्यातून दिसते.

सरकारने सूड उगवला. टिळकांना राजद्रोहाबद्दल दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. नातू बंधूंना १८२७च्या नियमाखाली खटल्याविना डांबले. फितुरी करणाऱ्या द्रविड बंधूंना दामोदर-बाळकृष्णांचा भाऊ वासुदेव आणि त्याचा सोबती महादेव रानडे यांनी फेब्रुवारी १८९९मध्ये मारले. दामोदर १८ एप्रिल १८९८ रोजी येरवड्यात फासावर गेले होतेच. मे १८९९मध्ये ८, १० आणि १२ तारखेला वासुदेव, रानडे आणि बाळकृष्ण गेले. एका घरातले तीन सख्खे भाऊ तेरा महिन्यांत फाशी गेले.

समुद्रापलीकडे

साथीच्या निमित्ताने माणसे वेगळी काढण्याची हीच पद्धत आफ्रिकेत वंशभेदाची भिंत झाली. केप वसाहतीनेही १८९७मध्येच सार्वजनिक आरोग्याचा कायदा केला होता. १९०१मध्ये केपटाऊनमध्ये प्लेग आला, तेव्हा त्याचाच आधार घेऊन सहा-सात हजार आफ्रिकन माणसांना शहराबाहेर हलवले. ती वस्ती पुढे न्दाबेनी म्हणून ओळखली गेली. १९०४मध्ये जोहान्सबर्गच्या हिंदी वस्तीत साथ शिरली. गांधीजींनी रिकाम्या जागेचा ताबा घेऊन तेथे रोग्यांची सेवा केली आणि नगरपालिकेच्या हेळसांडीला जाहीरपणे जबाबदार धरले. वस्ती रिकामी करून जाळण्यात आली आणि लोकांना शहरापासून दूर क्लिपस्प्रुट येथे नेले. त्याच परिसरातून पुढे सोवेटो उभे राहिले, जिथे १६ जून १९७६ रोजी शाळकरी मुलांवर गोळ्या चालल्या. फ्रेंचांच्या डाकारमध्येही १९१४च्या प्लेगनंतर आफ्रिकनांसाठी मेदिना ही वेगळी वस्ती वसवली गेली.

फरक ध्यानात घ्यावा. पुण्यात कॅम्प साथीपुरता राहिला. लोकांच्या संतापानंतर आणि इतर शहरांतल्या दंग्यांनंतर सरकारला सक्ती सैल करावी लागली. दक्षिण आफ्रिकेत मात्र साथ सरली तरी वस्ती तिथेच राहिली, कारण गोऱ्यांना शेजार नकोच होता आणि प्लेगने त्याला आरोग्याचे कारण पुरवले. तिथली मुक्तीची लढाई १९९४पर्यंत चालली.

आपल्यापुरते

१८९७चा साथरोग कायदा स्वातंत्र्यानंतरही टिकला. २०२०मध्ये करोनाच्या साथीत तोच लागू झाला. त्या वर्षीच्या दुरुस्तीने डॉक्टर-परिचारिकांवर हल्ला करणाऱ्यांना कडक शिक्षा आली, आणि ती योग्यच होती. पण वेगळे ठेवलेल्या माणसाचे अन्न, मजुरी आणि सन्मान यांची हमी त्यात आली नाही. भोसरी, मोशी, चाकणच्या खोल्यांमधून गावाकडे निघालेल्या कामगारांनी ती उणीव भोगली.

म्हणून या पट्ट्यातल्या शाळांना आणि मंडळांना विनंती आहे. २२ जूनला चाफेकरांना हार घालताना १० मार्चच्या सावित्रीबाईंचीही गोष्ट सांगा आणि जोहान्सबर्गची जळालेली वस्तीही. आणि आपल्या आमदार-खासदारांकडे मागणी करा, की साथीच्या कायद्यात सरकारच्या अधिकारांइतकीच नागरिकाच्या हक्कांचीही कलमे असली पाहिजेत. त्या चार हुतात्म्यांचे ऋण मानायचे तर एवढे काम आपल्याला करावेच लागेल.