निकालावरील वाद आणि न्यायालयाची मर्यादा

विद्यापीठाच्या निकालाविरुद्ध संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे सार्वजनिक संस्थेला तिचे कायदेशीर कर्तव्य पार पाडण्यास भाग पाडण्याची मागणी, करता येते. परंतु न्यायाधीश स्वतः परीक्षक होऊन गुण वाढवून देत नाहीत, ही गोष्ट विद्यार्थी व पालक बहुधा उशिराच समजून घेतात. फेरतपासणीस बंदी करणारे महाराष्ट्र राज्य मंडळाचे नियम मुंबई उच्च न्यायालयाने अवैध ठरवले होते, तरी सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये तो निर्णय फिरवला आणि नियमात तरतूद नसल्यास फेरतपासणी हक्क म्हणून मागता येत नाही, असे तत्त्व रुजले. ग्राहक मंचाचा मार्गही २००९ मध्ये बंद झाला, कारण परीक्षा घेणे ही मोबदला घेऊन दिलेली सेवा नव्हे व परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे, असे त्याच न्यायालयाने ठरवले.

खरे बळ मिळाले ते २०११ मध्ये, जेव्हा तपासलेली उत्तरपत्रिका ही माहिती अधिकार कायद्यातील ‘माहिती’ ठरली आणि ती पाहण्याचा, तिची प्रत घेण्याचा हक्क परीक्षार्थीला मिळाला. परीक्षकाचे नाव मात्र, त्याच्या सुरक्षिततेसाठी, गुप्तच राहते. न तपासलेले उत्तर किंवा चुकलेली बेरीज प्रतीत दिसली, तर याचिकेला आधार मिळतो. नुसत्या अपेक्षाभंगाला तो मिळत नाही, आणि ते योग्यच आहे. उत्तरपत्रिका जपून ठेवण्याची विद्यापीठाची मुदत संपल्यावर मात्र हा हक्क उरत नाही.