टॅपेट वाजतोय

‘टॅपेट वाजतोय’ हे निदान आपल्याकडे गाडी गॅरेजच्या दारात पुरती थांबायच्या आत होतं. बॉनेट नंतर उघडतं. मग वहीच्या पानावर हिशोब येतो: टॅपेटचा सेट, पॅकिंग, तेल, फिल्टर, मजुरी. यातलं निदान निम्मं बरोबर असतं. आवाज बहुतेक वेळा टॅपेटमधूनच येतो, पण दोष त्याचाच असेल असं नाही. हायड्रॉलिक टॅपेट सगळा तेलाच्या जोरावर चालतो. तेल कमी पडलं, पातळ झालं, त्यात हवा शिरली किंवा वाटेत गाळ साचला, की इंजिनात सगळ्यात आधी बोंब मारतो तो हा. आणि जो बोंब मारतो त्यालाच आपण आधी बडवतो.

हा भाग मुळात आला तो इंजिन शांत चालावं म्हणून. व्हॉल्व्ह कॅमशाफ्टच्या फुगीर भागाने उघडतात आणि स्प्रिंगच्या जोराने मिटतात. इंजिन तापलं की व्हॉल्व्हची दांडी लांबते. ही दांडी आणि तिला दाबणारा भाग यांच्या मध्ये मुळीच फट ठेवली नाही तर तापलेला व्हॉल्व्ह पुरता मिटत नाही, कॉम्प्रेशन गळतं आणि शेवटी व्हॉल्व्हची कड जळते. फट जास्त ठेवली तर दर फेरीला लोखंडावर लोखंड आपटतं. ॲम्बेसेडर आणि कुर्ल्याच्या कारखान्यातली पद्मिनी यांच्या काळात ही फट हाताने लावायची असे. रॉकरचं कव्हर काढायचं, क्रँक फिरवून एकेक व्हॉल्व्ह मिटलेल्या जागी आणायचा, फिलर गेजची पाती सरकवायची, स्क्रू फिरवून नट आवळायचा. पाती सरकली पाहिजे, पण किंचित अडखळून. ते ‘किंचित’ ज्याच्या बोटांत, तो चांगला मिस्त्री. काही हजार किलोमीटर झाले की पुन्हा तेच.

या कटकटीवरचा उतारा श्रीमंतांच्या गाडीत आधी आला. 1930 साली कॅडिलॅकने सोळा सिलिंडरचं इंजिन बाजारात आणलं. 452 घन इंच, म्हणजे सुमारे 7.4 लिटर. ओवेन नॅकर या अभियंत्याच्या हाताखाली तयार झालेल्या या इंजिनात तेलाच्या दाबाने फट आपोआप मिटवण्याची सोय होती. बत्तीस व्हॉल्व्ह हाताने जुळवत बसायचे आणि वर गिऱ्हाइकाला त्यांचा खडखडाटही ऐकवायचा, हे त्या किमतीच्या गाडीला शोभलं नसतं. पाठोपाठ 1933 मध्ये पिअर्स-ॲरोच्या गाड्यांतही हायड्रॉलिक लिफ्टर आले. पुढे अमेरिकेतल्या व्ही-8 इंजिनांमुळे ते साध्या गाड्यांत उतरले.

आपल्याकडे घरोघरी ही चीज पोहोचवली ती फियाटच्या 1.3 मल्टिजेटने. 1248 सीसी, चार सिलिंडर, सोळा व्हॉल्व्ह. 2007 साली ते डिझेल स्विफ्टमध्ये आलं. मग डिझायर, इंडिका व्हिस्टा, पुंतो, लिनिया, अर्टिगा. पुण्याजवळ रांजणगावला आणि हरियाणात मानेसरला ते बनत असे. मोटारींवर लिहिणाऱ्यांनी त्याला भारताचं राष्ट्रीय इंजिन म्हणून टाकलं होतं, आणि टूरिस्ट परवान्याच्या डिझायरी आठवल्या तर ते फारसं खोटं नव्हतं. बीएस-6 चे नियम 2020 च्या एप्रिलपासून लागू झाले तेव्हा ते आपल्याकडे बंद झालं. या इंजिनाच्या हेडात सोळा बारीक हायड्रॉलिक टॅपेट उभे असतात, व्हॉल्व्हमागे एक. टॅपेटच्या गोल डोक्यावर ‘फिंगर’ नावाच्या छोट्या दांडीचं एक टोक टेकलेलं असतं, दुसरं टोक व्हॉल्व्हवर, मध्ये रोलर आणि त्या रोलरवर कॅम. टॅपेट स्वतः जागचा हलत नाही. त्याने खंबीरपणे टेकू द्यायचा आणि फट उरू द्यायची नाही, एवढंच त्याचं काम. बुलेटवाल्यांनाही हा प्रकार माहीत आहे. 2009 च्या क्लासिकमध्ये हायड्रॉलिक टॅपेट आले आणि दर काही महिन्यांनी टॅपेट सेट करून घ्यायचा जुना विधी संपला.

एक गोष्ट आधीच सांगतो, कारण तिच्यापायी पैसे जातात. प्रत्येक गाडीत हे टॅपेट नसतात. डस्टरमधलं रेनोचं 1.5 डिझेल घ्या. त्यात टॅपेट भरीव, साधे आहेत. तिथे फट मोजायची आणि हव्या त्या जाडीचा टॅपेट घालायचा. अशा गाडीत ‘टॅपेट भरत नाहीयेत’ असं कुणी सांगितलं तर तिथून निघालेलं बरं.

आता हायड्रॉलिक टॅपेट हातात घेऊन बघू. मल्टिजेटमधला टॅपेट बोटाच्या दोन पेरांएवढा असतो. बाहेर पोलादी नळकांडं, आत तंतोतंत बसणारा प्लंजर. प्लंजर पोकळ, त्यात तेलाचा साठा. त्याच्या बुडाला बारीक भोक, आणि त्या भोकावर खालून एक छोटी पोलादी गोळी स्प्रिंगने दाबलेली. गोळीखाली आणखी एक छोटी खोली, आणि प्लंजरला सतत वर ढकलणारी दुसरी स्प्रिंग. कॅमचा गोल भाग वर असतो तेव्हा व्हॉल्व्ह मिटलेला असतो आणि टॅपेटवर भार नसतो. स्प्रिंग प्लंजरला वर उचलून उरलीसुरली फट खाते, गोळी सुटते आणि वरचं तेल खाली येतं. कॅमचा फुगीर भाग आला की भार पडतो, गोळी भोक बंद करते आणि खालचं तेल कोंडलं जातं. तेल दाबून लहान होत नाही, त्यामुळे तेवढा वेळ टॅपेट भरीव लोखंडासारखा वागतो. विहिरीवर मोटार असणाऱ्याला हे लगेच कळेल, कारण ही गोळी म्हणजे मोटारीचा फूटव्हॉल्व्ह. त्यात काडी अडकली की मोटार पाणी सोडते; इथे गोळीखाली कण अडकला की टॅपेट तेल सोडतो, आणि व्हॉल्व्ह उघडायच्या क्षणी प्लंजर खाली बसतो. ती टकटक.

पण थोडी गळती मुद्दाम ठेवलेली असते. प्लंजर आणि नळकांड्याच्या मध्ये काही मायक्रॉनची जागा असते. मिलिमीटरचे हजार भाग केले तर त्यातले पाच-सात. दर दाबाला तिथून कणभर तेल निसटतं आणि भार उतरला की तितकंच भरून येतं. हे निसटणं नसतं तर तापून लांब झालेल्या व्हॉल्व्हसाठी टॅपेटला खाली बसता आलं नसतं आणि व्हॉल्व्ह उघडाच राहिला असता. इतकी बारीक जागा सांभाळायची म्हणून प्लंजर आणि नळकांडी कारखान्यात मापं जुळवून जोडीने बसवतात. ही जोडी मोडली की टॅपेट गेला.

हीच गळती सकाळच्या आवाजाचंही कारण आहे. इंजिन बंद होतं त्या क्षणी काही व्हॉल्व्ह उघडे असतात, त्यांच्या टॅपेटवर रात्रभर स्प्रिंगचा दाब राहतो आणि ते हळूहळू रिकामे होतात. सकाळी चावी फिरवली की दोन-चार सेकंद टकटक होते आणि थांबते. हा आजार नाही. दोन-चारचे पंधरा-वीस सेकंद होऊ लागले, तर लक्ष द्यायचं.

चांगला मिस्त्री आधी ऐकतो. स्टेथोस्कोप नसेल तर लांब स्क्रू ड्रायव्हर हेडला टेकवून मूठ कानाशी धरतो आणि एकेका सिलिंडरवरून सरकत जातो. कॅमशाफ्ट क्रँकच्या निम्म्या वेगाने फिरतो, हे त्याच्या डोक्यात असतं. 800 आरपीएमच्या आयडलिंगला एका टॅपेटची टकटक मिनिटाला 400 वेळा, म्हणजे सेकंदाला साडेसहाच्या आसपास. क्रँकच्या बेअरिंगचा ठोका त्याच्या दुप्पट, शिवाय खालून, जड. जुन्या पेट्रोल गाड्यांवर काम केलेले लोक टायमिंग लाइट लावून बघत. एका प्लगला जोडलेला तो दिवा क्रँकच्या दोन फेऱ्यांत एकदा लखलखतो. दर लखलखीला एक टकटक असेल तर आवाज वरचा. दोन असतील तर खाली काहीतरी बिनसलंय. तो प्लग काढून सिलिंडर निकामी केला की बेअरिंगचा ठोका मऊ पडतो. टॅपेटला त्याचं सोयरसुतक नसतं.

आवाज कधी येतो, यावर निम्मं निदान होतं. इंजिन तापल्यावर आयडलिंगला येतो आणि रेस केली की जातो? तेल पातळ झालंय किंवा दाब कमी आहे. उलट, वेग वाढला की सुरू होतो? मग डिपस्टिक बघा. तेल गरजेपेक्षा जास्त भरलं की फिरता क्रँक ते घुसळतो, फेस होतो, आणि फेस दाबला तर दबतो. तेल फार कमी असलं की पंप हवा ओढतो, परिणाम तोच. थंड इंजिनात टिकटिक आणि गरम झाल्यावर गायब, हे लक्षण एक्झॉस्ट मॅनिफोल्डच्या फाटलेल्या पॅकिंगचंही असतं. धातू प्रसरण पावला की गळती बुजते. डिझेलला नोझल वाजतात, पेट्रोलला इंजेक्टर टिकटिकतात. मल्टिजेटमध्ये ढिली झालेली टायमिंग चेन खडखडते, आणि तिचा दोषही टॅपेटच्या नावावर लिहिला जातो. तिन्ही ऋतूंत, गरम-थंड, कुठल्याही वेगाला एकाच जागी येणारा आवाज मात्र गंभीर. तिथे टॅपेट जाम झालेला असतो, फिंगरचा रोलर खाल्लेला असतो किंवा कॅमच घासलेला.

आता तेल. इंजिनाच्या तळाशी असलेल्या तेलाच्या चेंबरमधून जाळीवाटे पंप, पंपातून फिल्टर, तिथून क्रँकची बेअरिंगं, आणि मग वर चढून हेड. टॅपेट या रांगेत शेवटी उभे असतात. दाब जरा घसरला की कमी त्यांनाच पडतं. म्हणून दोन-अडीचशे रुपयांचं नकली फिल्टर, संपलेली मुदत आणि पुस्तकात 5 डब्ल्यू 30 लिहिलेल्या इंजिनात ओतलेलं स्वस्तातलं जाड तेल, या तिन्हींचा हिशोब टॅपेट देतो. जाड तेल थंडीत वर पोहोचायला वेळ लावतं. गरम झाल्यावर मात्र झिजलेल्या टॅपेटचा आवाज दाबतं. जुन्या गाड्या विकणाऱ्यांना दुसरं वाक्य पाठ असतं.

त्यामुळे दुरुस्तीचा क्रम असा हवा: तेलाची पातळी, मग योग्य ग्रेडचं नवं तेल आणि चांगला फिल्टर, मग काहीशे किलोमीटर गाडी चालवून पुन्हा ऐकणं. अनेक टॅपेट एवढ्याने शांत होतात. तरीही आवाज असेल तर प्रेशरच्या स्विचच्या जागी गेज लावून तेलाचा दाब मोजायचा. हे काम अर्ध्या तासाचं आहे, आणि आपल्याकडे ते जवळजवळ कुणी करत नाही. चेंबरमध्ये डिझेल ओतून इंजिन चालवायचं, ही युक्ती मात्र सर्रास चालते. वर्षानुवर्षांचा गाळ एकदम सुटला की तो पंपाच्या जाळीवर जाऊन बसतो, आणि टॅपेटच्या आवाजासाठी आलेली गाडी बेअरिंगं जाम होऊन टोइंग करून न्यावी लागते. गाळ काढायचाच असेल तर चांगलं तेल घालून ते दोन-तीनदा लवकर बदलावं.

हेडचं कव्हर उघडायची वेळ आलीच, तर तपासणी सोपी आहे. कॅमचा गोल भाग समोर आणायचा आणि लाकडाच्या दांडीने फिंगर टॅपेटकडे दाबायचा. भरलेला टॅपेट दगडासारखा लागतो. रिकामा लुसलुशीत दबतो. बाहेर काढताना कोण कुठून निघाला हे चुकू द्यायचं नाही. अंड्यांचा ट्रे उलटवून त्यावर आकडे टाकून ठेवणारे मिस्त्री मला आवडतात. त्याच जागेच्या सवयीने घासलेले भाग पुन्हा त्याच जागी गेले पाहिजेत. टॅपेट खोलून धुता येतो, पण एका वेळी एकच, स्वच्छ रॉकेलमध्ये, धागे न सुटणाऱ्या कपड्याने. इतकी सवड आणि स्वच्छता नसेल तर नवा सेट घालावा. कॅमशाफ्ट उतरवण्याची मजुरी दोनदा देण्यात अर्थ नाही. पण कॅमवर खड्डे असतील तर नुसते नवे टॅपेट घालणं म्हणजे पैसे पाण्यात.

आणि बसवल्यावर घाई नको. नव्या टॅपेटमध्ये तेल ठासून भरलेलं असतं, त्यावर कॅमशाफ्ट आवळला की काही व्हॉल्व्ह उघडे राहतात. जादाचं तेल निसटून टॅपेट खाली बसायला वेळ लागतो. फोक्सवॅगनच्या दुरुस्तीच्या पुस्तकांत सुमारे अर्धा तास थांबायला आणि क्रँक हाताने दोन फेऱ्या फिरवायला सांगितलं आहे. तो अर्धा तास वाचवायला जाणाऱ्याचे व्हॉल्व्ह पिस्टनवर आदळतात.

मल्टिजेट बंद होऊन वर्षं झाली, पण ते इंजिन असलेल्या जुन्या गाड्यांचा बाजार अजून तेजीत आहे. अशी गाडी बघायला जाणार असाल तर सकाळी लवकर जा, आणि आपण येईपर्यंत इंजिन सुरू करू नका असं मालकाला आदल्या दिवशीच सांगून ठेवा. पोहोचल्यावर आधी बॉनेटवर हात ठेवा. ते गरम लागलं, तर चहा घ्या आणि दुसऱ्या दिवशीची वेळ मागा.